डीएलएल शोधत फिरू नका, आधी तिचा उतारा काढा

निपाणीजवळच्या एका दूध संस्थेचे सेक्रेटरी विचारतात, ते थोडक्यात असं. संस्थेत विंडोज १० चा एक डेस्कटॉप आहे. त्यावर टॅली आणि सभासदांची कागदपत्रं. रोज रात्री नऊला बॅकअपचं सॉफ्टवेअर सगळं एक्स्टर्नल हार्ड डिस्कवर उतरवून घ्यायचं. महिन्यापूर्वी सी ड्राईव्ह भरत आला म्हणून त्यांनी कंट्रोल पॅनेलमध्ये जाऊन ‘नको असलेली’ सॉफ्टवेअरं काढून टाकली. दुसऱ्या दिवशी बॅकअप उघडेना. ‘एमएसव्हीसीआर१२०.डीएलएल सापडत नाही’ असं सांगू लागला. (डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायची फाईल.) भाच्यानं कुठल्याशा वेबसाईटवरून ती फाईल उतरवून सिस्टम३२ फोल्डरात टाकली, तर आता तो ‘०एक्ससी०००००७बी’ असा कोड दाखवून बंद पडतो. त्यांचे प्रश्न तीन: खरी फाईल कुठे मिळेल, विंडोज नव्यानं टाकावं लागेल का, आणि उद्या नवा कॉम्प्युटर घेतला तर या डीएलएल बॅकअपमधून परत येतात का?

विंडोज नव्यानं टाकायची गरज नाही. अर्ध्या तासाचं काम आहे. पण त्या आधी एक करा. तुमचा महिनाभर बॅकअप झालेला नाही, तेव्हा आजच टॅली बंद करून तिचं डेटा फोल्डर आणि कागदपत्रांचं फोल्डर हातानं एका पेन ड्राईव्हवर कॉपी करा आणि तो पेन ड्राईव्ह खिशात घालून घरी न्या. दुरुस्ती करताना काही उलटंसुलटं झालं तर निदान बिलं आणि खाती हातात राहतील. माझ्या बेळगावच्या टिळकवाडीतल्या दुकानात ‘डीएलएल उडाली’ म्हणत (कन्नड गिऱ्हाईक ‘डीएलएल होगेत्री’ म्हणतं) जी मशिनं येतात, त्यांतल्या बऱ्याच जणांनी दुरुस्तीच्या धडपडीतच डेटा घालवलेला असतो. डीएलएल बिचारी निमित्ताला.

आता नेमकं काय झालं ते. आपल्या भागात जमीन घ्यायची तर आधी उतारा बघतात. रान कुणाच्या नावावर आहे ते कळल्याशिवाय कुणी विसार देत नाही. डीएलएलचंही तसंच आहे. ही फाईल एकटी कधीच नसते, ती कुठल्या तरी पॅकेजच्या मालकीची असते. एमएसव्हीसीआर१२० चा मालक म्हणजे मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ २०१३ चं रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज, म्हणजे इतर प्रोग्रॅमना लागणाऱ्या फाईलींचा संच. कंट्रोल पॅनेलच्या यादीत ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++’ अशा एकाखाली एक सात-आठ ओळी असतात. एकच नाव, पुढे वेगवेगळी वर्षं, कंसात कधी एक्स८६ (म्हणजे ३२ बिट) तर कधी एक्स६४ (६४ बिट). पाहणाऱ्याला वाटतं, एकच सॉफ्टवेअर चुकून आठ वेळा बसलंय. तुम्हालाही तेच वाटलं असणार आणि तुम्ही झाडू मारलात. त्या सगळ्या ओळी मिळून फार तर दोनशे-तीनशे एमबी खातात, पण प्रत्येकीवर कुठलं तरी दुसरं सॉफ्टवेअर उभं असतं.

गल्लीतल्या मंडळाची मोठी भांडी आठवा. लग्न, बारसं, सत्यनारायण, ज्याच्या घरी कार्य असेल तो नेतो आणि परत आणून ठेवतो. प्रत्येक घरात पन्नास माणसांचं पातेलं ठेवण्यापेक्षा हे बरं. शेअर्ड लायब्ररी, म्हणजे विंडोजवर डीएलएल, यासाठीच निघाली. फाईल उघडणं, मजकूर जुळवणं, बेरजा करणं असली कामं प्रत्येक प्रोग्रॅमनं स्वतः न लिहिता एका ठिकाणाहून उचलायची. डिस्कवर जागा वाचते, मेमरी वाचते, आणि लायब्ररीत दोष निघाला तर एकदा दुरुस्त केला की सगळ्यांचा दुरुस्त होतो. भानगड कधी होते? कुणी तरी जाताना आपलं म्हणून ते पातेलंच घेऊन गेला तर. किंवा झाकण बदलून ठेवलं तर.

नावातला आकडा बघून वर्ष ओळखता येतं. ९० म्हणजे २००८, १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. त्यानंतर १४० आला, १३० त्यांनी वगळलाच. १४० पासून मात्र पद्धत बदलली. व्हीसीरनटाईम१४० किंवा एमएसव्हीसीपी१४० नाही असं सांगितलं तर २०१५ पासून २०२२ पर्यंतचं सगळं एकाच पॅकेजमध्ये येतं, आणि नवं टाकलं की जुन्याचं काम तेच करतं. २०१३ चं मात्र स्वतंत्र आहे. २०२२ चं कितीही नवं पॅकेज टाकलं तरी १२० परत येणार नाही. ‘लेटेस्ट टाकलंय की ओ, तरी होत नाही’ ही तक्रार घेऊन आठवड्यातून एक तरी जण येतो, त्याचं कारण हेच.

भाच्यानं केलं त्यात काय चुकलं ते थोडं बारकाईनं सांगतो, कारण पोरगा हुशार असणार, फक्त विंडोजनं त्याला फसवलं. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फाईली असतात, आणि ३२ बिटच्या फाईली सिसवाऊ६४ नावाच्या फोल्डरात. होय, बरोबर वाचलंत, उलटंच आहे. जुन्या प्रोग्रॅममध्ये ‘सिस्टम३२’ हे नाव ठिकठिकाणी लिहिलेलं होतं, ते मोडू नये म्हणून नाव तसंच ठेवलं. आता तुमचा बॅकअप ६४ बिटचा, आणि वेबसाईटवरून मिळालेली फाईल ३२ बिटची. फाईल सापडली, म्हणून ‘सापडत नाही’ हा संदेश गेला. पण आतली बांधणीच वेगळी, म्हणून शेवटी ७बी असलेला कोड आला. हा कोड दिसला की दहापैकी नऊ वेळा ३२ आणि ६४ ची गल्लत असते.

तर असं करा. सिस्टम३२ मधल्या त्या एमएसव्हीसीआर१२० वर राईट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा. डिटेल्स टॅबमध्ये प्रॉडक्टचं नाव आणि व्हर्जन असतं, डिजिटल सिग्नेचर्स टॅबमध्ये सही. फाईलीचा उतारा म्हणतो तो हाच. सहीचा टॅबच नसेल किंवा सही मायक्रोसॉफ्टची नसेल तर काढून टाका. सही असेल तरी तुमच्या बाबतीत काढाच, बिट चुकलेत. मग मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साईटवरून व्हिज्युअल सी++ २०१३ चं पॅकेज घ्या, एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही. ६४ बिटच्या मशिनवर दोन्ही टाकायची, कारण कुठला प्रोग्रॅम कुठल्या बिटचा हे आपण लक्षात ठेवत नाही. या पॅकेजचा सपोर्ट २०२४ च्या एप्रिलमध्ये संपला असला तरी ते साईटवर मिळतं. मशिन एकदा रीस्टार्ट करा आणि बॅकअप उघडून बघा. तुम्ही आणखी कुठल्या वर्षांच्या ओळी काढल्या ते आठवत नसेल, तर दुसरा एखादा प्रोग्रॅम आज ना उद्या १०० किंवा ११० मागेल. तेव्हा घाबरू नका, त्याच वर्षाचं पॅकेज तसंच टाका.

आणि एक जागा विसरू नका, डाऊनलोड्स फोल्डर. भाच्यानं उतरवलेली ती डीएलएल अजून तिथे पडलेली असणार. प्रोग्रॅम सुरू होताना बहुतेक डीएलएल आधी स्वतःच्या फोल्डरात शोधतो, मग विंडोजच्या. त्यामुळे डाऊनलोड्समधून तुम्ही कुठलंही इन्स्टॉलर चालवलं की ते शेजारी पडलेली डीएलएल उचलू शकतं. व्हायरस लिहिणारे या सवयीचा फायदा घेतात. ओळखीच्या नावाची डीएलएल शेजारी टाकून ठेवली की काम झालं. ‘फ्री डीएलएल डाऊनलोड’ म्हणणाऱ्या साईटवरची फाईल खरी असेलही, पण कुणी दिली, कधीची आहे, आत काय आहे, याला उतारा नाही. संस्थेच्या मशिनवर मी ती कधीच टाकणार नाही.

बॅकअपच्या सॉफ्टवेअरमध्ये ही भानगड इतर प्रोग्रॅमपेक्षा जास्त का होते, तेही सांगण्यासारखं आहे. टायपिंगचा प्रोग्रॅम घ्या, त्याला फार कुणाची मदत लागत नाही. बॅकअपला मात्र सगळ्यांच्या दारात जावं लागतं. फाईली दाबून लहान करायला झेडलिब किंवा एलझेडएमए, क्लाऊडवर पाठवताना कुलूप लावायला ओपनएसएसएल, कुठली फाईल कधी घेतली याची वही ठेवायला एसक्यूलाईट, आणि चालू असलेल्या फाईलीची प्रत घ्यायला विंडोजची व्हीएसएस. शिवाय फोल्डरवर हिरवी टिकली दाखवायला एक डीएलएल थेट विंडोज एक्सप्लोररच्या पोटात बसते. (अशा टिकल्यांसाठी विंडोजकडे सगळ्यांत मिळून फक्त १५ जागा असतात. दोन-तीन क्लाऊड सॉफ्टवेअरं टाकली की कुणाची तरी टिकली गायब होते आणि लोक म्हणतात बॅकअप बंद पडला.) बॅकअप काढून पुन्हा टाकताना ‘फाईल वापरात आहे’ असं येतं तेही तिच्यामुळेच. बॅकअप बंद केला तरी एक्सप्लोरर चालू असतोच की. मशिन, किंवा निदान एक्सप्लोरर, रीस्टार्ट केल्याशिवाय ती सुटत नाही.

यांतली ओपनएसएसएल जुनी झाली की फार गमतीशीर रीतीनं त्रास देते. कुठलाच ‘सापडत नाही’ असा संदेश येत नाही. बॅकअप उघडतो, चालतो, आणि शेवटी ‘सर्व्हरशी जोडता आलं नाही’ म्हणतो. २०२१ च्या ३० सप्टेंबरला लेट्स एन्क्रिप्ट या वेबसाईटना सर्टिफिकेट (ओळखपत्र) देणाऱ्या संस्थेच्या साखळीतलं एक जुनं मूळ सर्टिफिकेट संपलं, त्या आठवड्यात माझ्याकडे अशी मशिनं आली. इंटरनेट व्यवस्थित, ब्राउजर उघडतोय, फक्त बॅकअप जात नाही. कारण जुनी १.०.२ ची लायब्ररी घेऊन बसलेलं सॉफ्टवेअर. गिऱ्हाईक तोवर नेटवाल्याशी भांडून आलेलं. अशा वेळी त्या सॉफ्टवेअरची पुढची आवृत्ती घेणं एवढाच मार्ग. नुसती लायब्ररीची फाईल बदलायला जाऊ नका, १.० आणि १.१ मध्ये फाईलींची नावंसुद्धा बदलली आहेत.

व्हीएसएसवर जरा थांबतो, कारण तुम्ही टॅली वापरता आणि यूट्यूबवरचा पुढचा ‘उपाय’ तुम्हाला हाच दिसणार आहे. चालू असलेली फाईल कॉपी करता करता अर्धी जुनी, अर्धी नवी होऊ नये म्हणून विंडोज एका क्षणी ड्राईव्हचं चित्र धरतं आणि बॅकअप त्या चित्रातून प्रत घेतो. एसक्यूएल सर्व्हरसारख्या प्रोग्रॅमचा व्हीएसएसकडे आपला ‘रायटर’ नोंदलेला असतो. त्याला सांगितलं जातं, जरा थांब, हातातलं लिहून संपव. ज्याचा रायटर नाही, त्याची फाईल त्या क्षणी जशी होती तशी येते, म्हणजे अचानक लाईट गेल्यावर असते तशी. म्हणून नऊच्या आधी टॅली बंद करायची सवय लावा. बॅकअपवर विश्वास नाही म्हणून नव्हे, उगाच परीक्षा कशाला घ्यायची म्हणून.

तर तो उपाय असा: एक बॅच फाईल चालवा, ती रेगएसव्हीआर३२ या विंडोजच्या कमांडनं व्हीएसएसच्या सगळ्या डीएलएल पुन्हा नोंदवेल. हा नुस्खा एक्सपी आणि सर्व्हर २००३ च्या काळातला आहे. व्हिस्टापासून पुढे ती व्यवस्थाच बदलली. आताच्या विंडोजवर तो चालवला तर चांगली असलेली व्हीएसएस बिघडू शकते. त्याऐवजी ॲडमिन म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडा आणि व्हीएसएसॲडमिन लिस्ट रायटर्स ही कमांड इंग्रजीत टाईप करा. एकेका रायटरचं नाव आणि खाली त्याची अवस्था येते. ‘स्टेबल’ आणि ‘नो एरर’ दिसलं की डीएलएलशी तुमचं काही भांडण नाही. एखादा ‘फेल्ड’ किंवा ‘टाईम्ड आऊट’ असेल तर मशिन रीस्टार्ट करून पुन्हा बघा. वारंवार तसंच होत असेल तर मी डीएलएल सोडून आधी हार्ड डिस्क तपासतो. चित्र धरायला विंडोज लिखाण फक्त १० सेकंद रोखून धरतं. मरायला टेकलेली डिस्क तेवढ्या वेळात आपलं काम संपवू शकत नाही, आणि आळ येतो सॉफ्टवेअरवर.

विंडोजच्या स्वतःच्या डीएलएल बिघडल्यात असा संशय असेल तर त्यासाठी दोन कमांड आहेत. आधी डिझम, रिस्टोअरहेल्थसकट, मग एसएफसी स्कॅननाऊ. पण त्या फक्त विंडोजच्या मालकीच्या फाईली भरून देतात. एमएसव्हीसीआर१२० विंडोजची नाही, तेव्हा तुमच्यासाठी त्यांचा उपयोग शून्य. पुन्हा मालकीचाच प्रश्न. लिनक्सवाल्यांचं यात बरं असतं. तिथे फाईलीचं नाव देऊन ‘ही कुठल्या पॅकेजची’ असं विचारलं की एका ओळीत उत्तर येतं. अर्थात उतारा स्वच्छ असला म्हणून सगळं ठीक असतंच असं नाही. २०२४ च्या मार्चमध्ये एलझेडएमए लायब्ररीच्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत चोरदरवाजा सापडला, तोही लॉगिन व्हायला अर्धा सेकंद जास्त का लागतोय असं अँड्रेस फ्रॉईंड या प्रोग्रॅमरला वाटलं म्हणून.

आता तिसरा प्रश्न. नव्या मशिनवर डीएलएल परत येतात का?

तुम्ही घेता तो फाईलींचा बॅकअप. त्यात तुम्ही निवडलेली फोल्डरं येतात, बाकी काही नाही. पूर्ण ड्राईव्हची इमेज घेतली तर सगळंच येतं, विंडोज, डीएलएल, रजिस्ट्री (विंडोजची नोंदवही) यांच्यासकट. पण ती इमेज वेगळ्या मशिनवर ओतायची म्हणजे ड्रायव्हर आणि लायसन्सची नवी डोकेदुखी. प्रोग्रॅम फाईल्सचं फोल्डर उचलून नव्या मशिनवर ठेवणं तर करूच नका. इन्स्टॉलर काय काय कुठे ठेवतो आणि कुठे नोंदवतो, ते त्या फोल्डरात मावत नाही.

यात आणखी एक खाच आहे, ती २०१९ च्या ऑगस्टमध्ये महापूर आला तेव्हा मला नीट कळली. चिकोडीकडच्या एका प्रेसवाल्याचं मशिन दोन दिवस पाण्यात होतं. बॅकअपची डिस्क माळ्यावर, कोरडी ठाक. माणूस निर्धास्त होता. नव्या मशिनला डिस्क जोडली तर आत एकच अगडबंब फाईल, त्या सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या ढंगाची. विंडोजला ती उघडता येईना. सॉफ्टवेअरची सीडी टेबलाच्या खणात होती आणि खण चिखलानं भरलेला. तीच आवृत्ती नेटवर कुठे मिळेना. शेवटी त्याच्या मावसभावानं संकेश्वरला तीच सीडी घालून घेतली होती, त्याच्याकडून मोटारसायकलवर आणली. सॉफ्टवेअर बसलं, तर एमएसव्हीसीआर१०० नाही म्हणालं. २०१० चं पॅकेज टाकलं. मग फाईल उघडली, सगळ्या पत्रिका, बिलबुकं, हँडबिलं परत आली. प्रेसवाल्यानं पहिली पत्रिका उघडली आणि तोंड उतरलं. ‘शुभविवाह’च्या जागी इंग्रजी अक्षरांचा आणि खुणांचा कडबा. जुन्या पद्धतीचे मराठी आणि कन्नड फॉन्ट विंडोजच्या फॉन्ट्स फोल्डरात होते, आणि ते फोल्डर बॅकअपमध्ये कधी निवडलंच नव्हतं. फॉन्ट म्हणजे तरी काय, सगळ्यांनी मिळून वापरायची फाईलच. ते जमवायला पुढचा आठवडा गेला, आणि तुळशीच्या लग्नानंतरच्या लग्नसराईची दोन कामं दुसऱ्या प्रेसला गेली.

त्यामुळे बॅकअपच्या डिस्कवर, पण बॅकअपच्या फाईलीच्या बाहेर, एक साधं फोल्डर करा. त्यात बॅकअप सॉफ्टवेअरचं इन्स्टॉलर, त्याची लायसन्स की आणि पासवर्ड कुठल्या वहीत लिहिलाय ते, व्हिज्युअल सी++ ची पॅकेजं (२०१० पासूनची सगळी ठेवा, फार जागा लागत नाही), टॅलीचं इन्स्टॉलर आणि संस्थेत वापरता ते मराठी फॉन्ट. सॉफ्टवेअरमध्ये रेस्क्यू पेन ड्राईव्ह बनवायची सोय असेल तर तोही बनवा. त्यात छोटं विंडोज आणि लागणाऱ्या सगळ्या लायब्ररी आधीच असतात, मशिनवरच्या डीएलएलशी त्याला घेणंदेणं नाही. फक्त तो बनवून ड्रॉवरमध्ये टाकू नका, त्यावरून एकदा मशिन सुरू करून डिस्क दिसते का ते बघा. आणि महिन्यातून एकदा एखादी जुनी पावती बॅकअपमधून वेगळ्या फोल्डरात परत काढून उघडून बघा. मी माझ्या गिऱ्हाईकांना हे दूध बिलाच्या दिवशी करायला सांगतो, तारीख लक्षात राहते.

जागेचा मूळ प्रश्न राहिलाच. सी ड्राईव्ह भरतो तो डाऊनलोड्स, रिसायकल बिन, जुन्या विंडोजचं विंडोज.ओल्ड फोल्डर आणि कधी कधी बॅकअप सॉफ्टवेअरच्याच तात्पुरत्या फाईलींनी. डाऊनलोड्समधलं नको ते हातानं काढा, बाकीचं डिस्क क्लीनअपमधून. नावात ‘रीडिस्ट्रिब्युटेबल’ किंवा ‘रनटाईम’ असलेल्या ओळीला हात लावू नका. आणि विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट २०२५ च्या १४ ऑक्टोबरला संपला आहे, तेव्हा संस्थेच्या पुढच्या मीटिंगमध्ये नव्या मशिनचा विषय घ्याच.

एवढं करूनही बॅकअप बंद पडत असेल, तर इव्हेंट व्ह्यूअर उघडून विंडोज लॉग्समध्ये ॲप्लिकेशन निवडा. लाल खुणेची, १००० नंबरची ओळ शोधा. तिच्यात ‘फॉल्टिंग मॉड्यूल नेम’ म्हणून एका फाईलीचं नाव असतं. ते नाव, त्याच्या खालचा कोड आणि बॅकअप सॉफ्टवेअरची आवृत्ती मला कळवा. फोटो पाठवणार असाल तर ट्यूबलाईट बंद करून काढा, नाही तर नेमकी तीच ओळ चमकीत जाते.